सहाव्या अंकाची जबाबदारी

नैराश्यावरच्या औषधांचे दुष्परिणाम वैद्यकीय कोडमध्ये कसे नोंदवायचे, एवढाच या पुस्तकाचा विषय. वरवर पाहता तो फार लहान आहे. कोडिंगच्या जाडजूड ग्रंथांत त्याच्या वाट्याला चार-दोन पाने येतात आणि शिकवणीत फार तर एखादा तास. पण रुग्णाने गोळी सांगितल्याप्रमाणे घेतली आणि तरी त्रास झाला, की चुकून जास्त घेतली, की जिवाचे बरेवाईट करायचे म्हणून घेतली, हा फरक नोंदीत एका अंकाने ठरतो आणि तो अंक कोडर लिहितो. रुग्णाला तो बहुधा कधीच दिसत नाही. विम्याच्या अधिकाऱ्याला दिसतो, आकडेवारी गोळा करणाऱ्याला दिसतो, पुढच्या वेळी फाइल उघडणाऱ्या डॉक्टरलाही दिसतो. एका अंकावर इतके अवलंबून असेल, तर त्यावर एक अख्खे पुस्तक लिहिणे मला मुळीच जास्त वाटत नाही.

हे पुस्तक तयार झाले ते चिंचपोकळीत. स्टेशनजवळच्या एका जुन्या इमारतीत संध्याकाळी कोडिंगचा वर्ग भरतो. लालबाग, काळाचौकी, भायखळा, सात रस्ता इथली मुले-मुली तिथे येतात. कोणी बी.एस्सी., कोणी बी.फार्म., कोणी फिजिओथेरपी किंवा होमिओपॅथीची पदवी घेतलेले. आजोबा गिरणीत होते असे सांगणारे त्यांत पुष्कळ भेटतात. १८ जानेवारी १९८२ला सुरू झालेल्या गिरणी संपानंतर गिरण्यांचे भोंगे बंद पडत गेले. आता त्या घरांतली पोरे ऐरोली-महापेच्या कार्यालयांत बसून अमेरिकेतल्या रुग्णांच्या नोंदी वाचतात आणि त्यांना कोड लावतात. या वर्गाच्या शिक्षिकेने मुलांसाठी मराठीत टिपणे काढायला सुरुवात केली. कोड इंग्रजीत लावायचा असला, तरी रुग्णाचे नेमके काय झाले हे आपल्या भाषेत कळले की चूक कमी होते, हा त्यांचा अनुभव. त्या टिपणांचेच हे पुस्तक झाले.

कोडची परंपरा जुनी आहे. फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ जाक बर्टिलाँ यांनी १८९३ साली मृत्यूच्या कारणांची एक यादी मांडली आणि पुढे अनेक देशांनी ती स्वीकारली. १९४८मध्ये तिची जबाबदारी जागतिक आरोग्य संघटनेकडे आली आणि मृत्यूंबरोबर आजारांचीही त्यात भर पडली. आयसीडी या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या वर्गीकरणाची दहावी आवृत्ती १९९०मध्ये मंजूर झाली, अकरावी १ जानेवारी २०२२पासून लागू झाली. अमेरिकेने दहाव्या आवृत्तीत स्वतःचे बारकावे घातले आणि १ ऑक्टोबर २०१५पासून ती तिथल्या रुग्णालयांत वापरात आली. आपली मुले नोकरीसाठी शिकतात ती ही अमेरिकी आवृत्ती, आणि पुस्तकातली बहुतेक उदाहरणेही तीच धरून आहेत.

टी ४३.२२५ए हा कोड घेऊ. टी ४३ हे मनावर काम करणाऱ्या औषधांचे घर. बिंदूनंतरचा २ सांगतो की औषध नैराश्यावरचे आहे, पण जुन्या ट्रायसायक्लिक गटातले नाही आणि एमएओआय गटातलेही नाही, कारण त्या दोघांना ० आणि १ हे अंक आधीच दिलेले आहेत. पाचव्या जागेवरचा २ म्हणजे एसएसआरआय: फ्लुओक्सेटिन, सर्ट्रालिन, एस्सिटालोप्राम ही आज सर्वाधिक ओळखीची औषधे. शेवटचे ए हे अक्षर उपचार अजून चालू असल्याचे दाखवते. राहिला सहावा अंक, ५. त्याचा अर्थ दुष्परिणाम: औषध योग्य, मात्रा योग्य, घेतले तेही नीट, तरीही त्रास झाला. तिथे १ घातला तर अपघाताने झालेली विषबाधा होते. २ घातला तर स्वतःला इजा करण्याच्या हेतूने घेतलेली गोळी. ३ म्हणजे दुसऱ्या कुणी घातपाताने दिलेली. ४ म्हणजे हेतू ठरवता आला नाही. ६ म्हणजे मात्रा कमी पडली. गोळी तीच आणि माणूसही तोच, पण कागदावर सहा वेगवेगळ्या कहाण्या उभ्या राहतात.

समजा, लालबागच्या चाळीतल्या सत्तरीच्या एका आजींना नैराश्यासाठी एस्सिटालोप्राम सुरू झाले. तीनेक आठवड्यांनी त्या असंबद्ध बोलू लागल्या, चालताना झोक जाऊ लागला. घरच्यांना वाटले, म्हातारपणी डोक्यावर परिणाम झाला. रुग्णालयात रक्त तपासले, तर सोडियम ११८. ते १३५ ते १४५च्या दरम्यान असायला हवे. या गटातल्या औषधांनी शरीरात पाणी धरून ठेवणाऱ्या संप्रेरकाचे प्रमाण वाढू शकते, रक्तातले सोडियम पातळ होते आणि मेंदूला सूज येऊ लागते. वयस्कर माणसांत, विशेषतः बायकांत, हा धोका अधिक. डॉक्टरांनी डिस्चार्ज कार्डावर ‘एस्सिटालोप्राममुळे एसआयएडीएच’ (म्हणजे याच संप्रेरकाचा अतिरेक) असे स्पष्ट लिहिले, तर कोडरचे काम सरळ आहे. आधी त्रासाचा कोड, ई २२.२. मागून औषधाचा, टी ४३.२२५ए. दुष्परिणामात त्रास पुढे आणि औषध मागे, हा क्रम पक्का. पण डॉक्टरांनी घाईत नुसते ‘हायपोनॅट्रेमिया’, म्हणजे सोडियम कमी, एवढेच लिहून सोडले, तर कोडरच्या हातात ई ८७.१ एवढेच उरते. गोळीचा संबंध स्वतःच्या मनाने जोडायचा त्याला अधिकार नाही. आजी बऱ्या होऊन घरी जातील, पण नोंदीतून गोळी नाहीशी होईल, आणि वर्षभराने दुसरा एखादा डॉक्टर तीच गोळी पुन्हा लिहून देईल.

याच आजींनी सकाळी घेतलेली गोळी विसरून दुपारी पुन्हा घेतली, असे रोजच होत गेले आणि त्यातून त्रास झाला, तर कहाणी बदलते. मात्रा चुकली, म्हणजे ती विषबाधा. सहाव्या जागी १ येईल आणि क्रमही उलटेल: आधी औषधाचा कोड, मग त्रासाचा. आता तिसरी शक्यता. त्यांनी गोळी वेळेवर घेतली, पण गुडघे दुखतात म्हणून कोपऱ्यावरच्या मेडिकलमधून डॉक्टरांना न विचारता वेदनाशामक आणून खाल्ले. एसएसआरआयने रक्तातल्या प्लेटलेट कणांची चिकटण्याची ताकद कमी होते, वेदनाशामकाने पोटाच्या अस्तराला इजा होते, दोन्ही मिळून पोटात रक्तस्राव. वर्गातली मुले इथे हमखास वाद घालतात, कारण नैराश्याची गोळी तर बरोबर घेतली होती. पण नियम स्पष्ट आहे. नीट घेतलेल्या औषधाबरोबर डॉक्टरांनी न सांगितलेले औषध मिसळले आणि दोहोंच्या संयोगाने त्रास झाला, तर ती विषबाधाच धरायची. हा नियम पुस्तकात तीन उदाहरणांनी समजावला आहे. तो भाग घाई न करता वाचावा.

चौथी शक्यता गिरणगावात सहज घडणारी. गणपतीला कोकणात गावी गेले, सोबत आणलेल्या गोळ्या संपल्या, तालुक्याला जाऊन आणायचे राहून गेले. दोन-चार दिवसांत चक्कर, मळमळ, झोप उडणे, डोक्यात विजेचा झटका बसल्यासारखे वाटणे. घरचे म्हणतात, प्रवासाचा शीण. प्रत्यक्षात हे औषध एकाएकी थांबल्याने होते. अमेरिकी मनोविकार संघटनेच्या २०१३च्या डीएसएम-५ या संहितेत या लक्षणसमूहाला स्वतंत्र नाव आणि टी ४३.२०५ए हा कोड आहे, म्हणजे सहावा अंक पुन्हा ५. गोळी बंद झाल्यामुळे मूळचे नैराश्यच उलटले, तर मात्र ६. तो ६चा कोड कधीही पहिला येत नाही, आणि त्याच्या जोडीला गोळी का चुकली याचा कोड जोडता येतो. पैसे नव्हते म्हणून गोळ्या घेतल्या नाहीत, यासाठी झेड ९१.१२० असा वेगळा कोड आहे. कागदावर इतके माणुसकीचे कलम फार थोड्या जागी असेल. गरिबीमुळे उपचार तुटतात हे सांगायला एरवी भाषणे होतात. इथे ते मोजता येते, अट एकच, कुणीतरी विचारले पाहिजे आणि लिहिले पाहिजे.

हेतूच्या बाबतीत हा विषय सर्वांत नाजूक होतो. डिप्रेशनच्या गोळ्या जास्त पोटात गेल्या असे वाचले की वाचणाऱ्याच्या मनात आत्महत्येचाच विचार आधी येतो. कोडरने तो बाजूला ठेवला पाहिजे. नोंदीत हेतूचा उल्लेखच नसेल, तर अपघात धरायचा. ‘हेतू ठरवता येत नाही’ असे डॉक्टरांनी स्वतः लिहिले असेल, तरच ४. आणि २ हा अंक फक्त तेव्हाच, जेव्हा कागदावर तसे नोंदवलेले असेल. उलट बाजूही तितकीच खरी. घरच्यांनी डॉक्टरांना गळ घातली म्हणून खरा प्रयत्न ‘चुकून घेतल्या’ या दोन शब्दांत झाकला गेला, तर त्या माणसाला हवी असलेली मदत त्याच्यापर्यंत पोहोचत नाही. भारतात मानसिक आरोग्य सेवा कायदा २०१७चे कलम ११५ सांगते की आत्महत्येचा प्रयत्न करणारी व्यक्ती तीव्र ताणाखाली होती असेच गृहीत धरावे, आणि तिची काळजी, उपचार, पुनर्वसन ही सरकारची जबाबदारी आहे. त्याच कायद्याचे कलम २१ मानसिक आजारांना शारीरिक आजारांसारखेच विमा संरक्षण द्यायला सांगते. स्वतःला केलेली इजा वगळण्याची अट विम्याच्या कागदांत सर्रास असे, हे लक्षात घेतले की सहाव्या जागी २ लिहायचा की १ याचे वजन कळते. खोटा २ कुटुंबाला कर्जात लोटू शकतो आणि खोटा १ रुग्णाला एकटे पाडू शकतो.

हे पुस्तक याच परिसरात तयार व्हावे, याला माझ्या मते इतिहासाचाही आधार आहे. चिंचपोकळीपासून चालत जाता येईल एवढ्या अंतरात औषधांच्या गुणाची आणि अपायाची मोठी कहाणी घडलेली आहे. परळच्या जुन्या राजभवनात १८९९पासून वाल्देमार हाफकिन यांची प्लेगच्या लसीची प्रयोगशाळा होती. १९०२मध्ये पंजाबातल्या मुल्कोवाल गावी तिथे बनलेल्या लसीच्या ५३एन क्रमांकाच्या एकाच बाटलीतून टोचलेले १९ जण धनुर्वाताने दगावले. ठपका परळच्या प्रयोगशाळेवर आला, हाफकिन यांना पद सोडावे लागले. बाटली उघडताना चिमटा जमिनीवर पडला होता आणि तो नीट निर्जंतुक न करताच वापरला गेला, ही बाब तपासाच्या कागदांत होती, पण तिला वजन मिळायला वर्षे गेली. हाफकिन निर्दोष ठरायला १९०७ उजाडले. अपाय औषधाचा, की हाताळणीचा, हाच तिथला प्रश्न होता, आणि सहावा अंकही तेच विचारतो. १९८६मध्ये जे. जे. रुग्णालयात भेसळीच्या ग्लिसरॉलमुळे १४ रुग्ण गेले. न्यायमूर्ती लेंटिन आयोगाने त्या प्रकरणाची चिरफाड केली. तिथे दोष ग्लिसरॉलचा नव्हताच, त्यात आलेल्या डायएथिलीन ग्लायकॉल या विषाचा होता. दोन्ही प्रकरणांत माणसे गेली, आणि दोन्हींत खरे कारण हाती लागले ते नोंदी उलगडल्यावर.

नैराश्याच्या औषधांचा उगमही गिरणगावाला परक्या नसलेल्या आजारात आहे. १९५२मध्ये न्यूयॉर्कच्या सी व्ह्यू रुग्णालयात क्षयाच्या रुग्णांना इप्रोनियाझिड देताना डॉक्टरांच्या लक्षात आले की खचलेले रुग्ण तरतरीत होत आहेत. त्यातूनच नैराश्यावर एमएओआय गटाचे पहिले औषध मिळाले. पुढे यकृताला होणाऱ्या इजेमुळे तेच औषध अनेक देशांत मागे घ्यावे लागले. क्षय आणि नैराश्य यांची गाठ आजही सुटलेली नाही. शिवडीच्या क्षयरोग रुग्णालयात औषधांना दाद न देणाऱ्या क्षयाचे रुग्ण येतात. त्यांच्या उपचारातले लिनेझोलिड हे सौम्य का होईना, एमएओआयसारखे काम करते. असा रुग्ण एसएसआरआयही घेत असेल, तर सेरोटोनिन वाढून घाम, थरथर, स्नायूंचे झटके, ताप असा जिवावर बेतणारा प्रसंग येऊ शकतो. दोन्ही औषधे डॉक्टरांनीच दिलेली, दोन्ही नीट घेतलेली. कोडरने इथे दोन्ही औषधांचे दुष्परिणाम-कोड लावायचे. एकच लावला तर संयोगाचा धोका आकडेवारीत उमटतच नाही.

आणि परळचे केईएम रुग्णालय. थॅलिडोमाइड या औषधाच्या शोकांतिकेनंतर जागतिक आरोग्य संघटनेने १९६८मध्ये औषधांवर देखरेख ठेवणारा कार्यक्रम सुरू केला. १९७८पासून त्याचे काम स्वीडनच्या उप्साला शहरातून चालते. भारत त्यात १९९७मध्ये सामील झाला, तेव्हा दिल्लीच्या एम्सबरोबर परळच्या केईएमची आणि अलिगढच्या वैद्यकीय महाविद्यालयाची केंद्र म्हणून निवड झाली. २०१०मध्ये देशाचा आजचा औषध दक्षता कार्यक्रम उभा राहिला. त्याचे मुख्य केंद्र आता गाझियाबादच्या इंडियन फार्माकोपिया कमिशनमध्ये आहे. अशा नोंदी आणि चाचण्यांची माहिती साचते, तेव्हाच धोरण बदलते. लहान मुले आणि किशोरांत या औषधांनी आत्महत्येचे विचार वाढू शकतात असे दिसल्यावर अमेरिकेच्या औषध प्रशासनाने २००४मध्ये ठळक चौकटीतला इशारा सक्तीचा केला आणि २००७मध्ये तो चोवीस वर्षांपर्यंतच्या तरुणांसाठी वाढवला. आज कुठलाही जाणता डॉक्टर तरुणाला ही गोळी देताना पहिल्या काही आठवड्यांत जवळून लक्ष ठेवतो, त्यामागे हे काम आहे.

मला या पुस्तकाच्या निमित्ताने जे मनापासून म्हणायचे आहे ते असे. आपली मुले ओहायो-टेक्सासच्या रुग्णाच्या गोळीसाठी सहावा अंक शोधताना अर्धा अर्धा तास नोंदी चाळतात. शंका आली तर डॉक्टरला रीतसर क्वेरी पाठवतात. ऑडिटमध्ये एक अंक चुकला तरी त्यांचे गुण कापले जातात. हीच मुले राहतात त्या चाळीतल्या माणसाचा केसपेपर मात्र अनेकदा असा असतो: ‘झोपेच्या गोळ्या खाल्ल्या’. कुठल्या, किती, कुणी दिलेल्या, काहीच नाही. आपल्याकडे मनाच्या कुठल्याही औषधाला लोक झोपेची गोळीच म्हणतात, आणि ते जसेच्या तसे कागदावर उतरते. मग एस्सिटालोप्राम खरोखरच्या झोपेच्या औषधांच्या रकान्यात जाऊन बसते. भारतात वापरल्या जाणाऱ्या मूळ दहाव्या आवृत्तीत सहावा अंक नाही, पण फरक तोच आहे: दुष्परिणामाला वाय ४९.२, हेतुपूर्वक घेतलेल्याला एक्स ६१, अपघाताला एक्स ४१. कौशल्य आपल्या घरात आहे. ते फक्त परदेशी बिलासाठी वापरले जावे, हे मला मान्य नाही. महापालिकेच्या आणि सरकारी रुग्णालयांच्या मेडिकल रेकॉर्ड विभागांत प्रशिक्षित कोडरच्या जागा निर्माण व्हाव्यात आणि या भागातल्या मुलांना तिथे सन्मानाने काम मिळावे, अशी मागणी मी या प्रस्तावनेतून उघडपणे करतो.

पुस्तकाची मांडणी सोपी आहे. पहिल्या भागात औषधांचे गट आणि त्यांचे त्रास: ट्रायसायक्लिकने होणारी तोंडाची कोरड, बद्धकोष्ठता, लघवी अडणे, उठताना रक्तदाब उतरणे आणि जास्त मात्रेत हृदयाला पोहोचणारा धोका; एसएसआरआयने होणारी मळमळ, लैंगिक तक्रारी, सोडियम उतरणे; मिर्टाझापिनने वाढणारे वजन. दुसऱ्या भागात कोडचे नियम, तिसऱ्यात सरावासाठी केसपेपर. उत्तरे शेवटी दिली आहेत, पण आधी स्वतः ठरवून मगच पाने उलटावीत.

एक इशारा द्यायलाच हवा. दुष्परिणामांबद्दल इतके वाचून कुणी स्वतःची किंवा घरच्यांची गोळी बंद करू नये. या औषधांनी असंख्य माणसे पुन्हा कामाला लागली आहेत, घरात हसू लागली आहेत. त्रास वाटला तर डॉक्टरांकडे जायचे, गोळीचे पाकीट आणि चिठ्ठी बरोबर न्यायची, मेडिकलमधून आणलेल्या इतर गोळ्याही दाखवायच्या. बहुतेक वेळा मात्रा बदलून किंवा औषध बदलून मार्ग निघतो.

डॉक्टरांना माझी विनंती: औषधाचे नाव लिहा, त्रासाचा त्याच्याशी संबंध असेल तर ‘मुळे’ हा शब्द लिहा, आणि हेतू विचारून लिहा. कोडरांना विनंती: कागदावर नाही ते गृहीत धरू नका, शंका असेल तर विचारल्याशिवाय अंक टाकू नका. रुग्णांना आणि त्यांच्या माणसांना विनंती: औषधाचा त्रास कळवायला डॉक्टरच असावे लागत नाही. औषध दक्षता कार्यक्रमाचा रुग्णांसाठीचा फॉर्म मराठीतही आहे आणि मदतीचा क्रमांक १८००-१८०-३०२४ हा निःशुल्क आहे. तो लिहून ठेवा आणि गरज पडली तर वापरा.